शिसेजन्य जुनाट गाऊट (रोगसंकेतांकन)

शरीरात दीर्घकाळ साचलेल्या शिशामुळे मूत्रपिंडातून यूरिक अम्लाचे उत्सर्जन मंदावते, रक्तातील त्याची पातळी वाढते आणि सांध्यांत यूरेटचे स्फटिक जमून पुन्हापुन्हा दाह होतो. या विकाराला शिसेजन्य गाऊट म्हणतात. जुन्या वैद्यकीय लिखाणात तो ‘सॅटर्नाइन गाऊट’ या नावाने येतो. प्रस्तुत नोंद आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणातील (आयसीडी) त्याच्या स्थानापुरती व कोड देण्याच्या पद्धतीपुरती आहे.

पूर्वपीठिका : शिसे आणि गाऊट यांचा संबंध नेमका कोणी प्रथम ओळखला याविषयी एकमत नाही. इंग्लंडमधील डेव्हन परगण्यात सफरचंदाची वारुणी पिणाऱ्यांना पोटशूळ होई व त्यामागून सांधे धरत, असे वर्णन विल्यम मस्ग्रेव्ह याने १७०३ च्या सुमारास केले. मात्र त्याने दोष शिशाला दिला नव्हता. त्या पोटशुळाचे कारण वारुणीत उतरणारे शिसे आहे, हे जॉर्ज बेकर याने १७६७ मध्ये दाखवले. दोन्ही धागे जोडण्याचे श्रेय सामान्यतः आल्फ्रेड बेअरिंग गॅरड (१८१९–१९०७) याला दिले जाते आणि ते रास्त वाटते. आपल्या रुग्णालयातील गाऊटच्या रुग्णांपैकी किमान चौथा हिस्सा पूर्वी कधीतरी शिशाच्या विषबाधेतून गेला होता, असे त्याने १८५९ मध्ये नोंदवले. त्यांत नळकारागीर व रंगारी बरेच होते.

याहून मोठा वाद रोमचा आहे. द्राक्षरस शिशाच्या भांड्यांत आटवून केलेला ‘सापा’ हा पाक रोमन उमराव मद्यात व अन्नात सढळ हाताने वापरत. त्यातून त्यांच्यात गाऊट पसरला, असे प्रतिपादन जेरोम न्रियागू यांनी १९८३ मध्ये केले व ते फार गाजले. लगेच १९८४ मध्ये जॉन स्कारबरो यांनी, प्राचीन ग्रंथांतील दाखले निवडून आणि चुकीच्या अर्थाने घेतले आहेत, असा आक्षेप घेतला. सांध्यातील द्रवात यूरेटचे स्फटिक ध्रुवित प्रकाशाच्या सूक्ष्मदर्शकाखाली ओळखण्याची पद्धत १९६१ मधली आहे. तेव्हा दोन हजार वर्षांपूर्वीच्या ‘पोडाग्रा’वर (पायाच्या सांधेदुखीचे प्राचीन नाव) आज खात्रीने निदान चिकटवणे धाडसाचेच; स्कारबरो यांचा सावधपणा अधिक पटतो. अठराव्या शतकातील इंग्लिश उच्चवर्गातील गाऊटचा संबंध शिसेमिश्रित पोर्ट मद्याशी जोडणारे मत तुलनेने भक्कम आहे. अर्थात खाण्यापिण्याची चैनही तेव्हा कमी नव्हती.

विसाव्या शतकातले पुरावे स्पष्ट आहेत. अमेरिकेच्या आग्नेय राज्यांत मोटारीचे जुने रेडिएटर वापरून चोरटी दारू गाळत. त्यांच्या डाखातले शिसे दारूत उतरे. ऑस्ट्रेलियातील क्वीन्सलंडमध्ये व्हरांड्याच्या शिसेयुक्त रंगाची बाधा बालपणी झालेल्यांत पुढे मूत्रपिंडविकार व गाऊट आढळला.

वर्गीकरणातील स्थान : जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० मध्ये शिसेजन्य गाऊटला एम१०.१ हा कोड आहे. त्यात तीव्र व जुनाट असा भेद नाही. भेद आहे तो अमेरिकेच्या आयसीडी-१०-सीएम या आवृत्तीत, जी तेथे १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू झाली. तिच्यात जुनाट गाऊटसाठी एम१ए हा वेगळा गट असून शिसेजन्य प्रकार एम१ए.१ खाली येतो. त्याआधीच्या आयसीडी-९-सीएमच्या अनुक्रमणिकेत शिसेजन्य गाऊट शोधणाऱ्याला सांध्यांच्या प्रकरणात न पाठवता ९८४ या शिशाच्या विषबाधेच्या गटात पाठवले जाई.

कोडची रचना : एम१ए.१ नंतरचा अंक सांधा दाखवतो : १ खांदा, २ कोपर, ३ मनगट, ४ हाताचा पंजा, ५ खुबा, ६ गुडघा, ७ घोटा व पाऊल, ८ मणके, ९ अनेक सांधे, ० अनिर्दिष्ट. पुढचा अंक बाजूचा : १ उजवी, २ डावी, ९ अनिर्दिष्ट. बाजूचा प्रश्नच येत नाही तिथे ‘एक्स’ हे अक्षर जागा भरते. सातवे स्थान टोफसचे, म्हणजे यूरेटच्या गाठींचे : नसल्यास ०, असल्यास १. उजव्या गुडघ्याचा, गाठी नसलेला विकार म्हणजे एम१ए.१६१०, मणक्यांचा, गाठी असलेला एम१ए.१८एक्स१. शिसेजन्य गाऊट अंगठ्याऐवजी गुडघ्यात बऱ्याचदा दिसतो आणि त्यात गाठी कमी आढळतात, असे जुने निरीक्षण आहे. म्हणून चार्टमध्ये गाठींचा उल्लेख नीट वाचावा लागतो. सवयीने १ टाकणे बरोबर नाही.

क्रम : एम१ए.१ खाली ‘आधी शिशाच्या विषारी परिणामाचा कोड द्या’ अशी सूचना आहे. म्हणजे टी५६.० गटातील कोड पहिला, गाऊटचा दुसरा. कारखान्यातील धुळीने किंवा नकळत झालेल्या बाधेला टी५६.०एक्स१ लागतो. हेतू लिहिलेलाच नसेल तरी अपघाती हाच कोड, ‘अनिश्चित’चा (टी५६.०एक्स४) उपयोग हेतू ठरवता येत नाही असे डॉक्टरांनी लिहिले असेल तेव्हाच. शेवटी ए (चालू उपचार), डी (नंतरची देखभाल) किंवा एस (उत्तरपरिणाम) जोडतात.

खरी अडचण या ‘एस’ची, म्हणजे मूळ बाधा संपल्यावर मागे राहिलेल्या विकाराची. बाधा थांबून वर्षे लोटली आणि आता सांधे दुखत आहेत, अशा रुग्णात आयसीडी-१०-सीएमचा सर्वसाधारण मार्गदर्शक नियम आधी विकाराचा व नंतर ‘एस’ असलेला कोड द्यायला सांगतो, एम१ए.१ खालची सूचना नेमकी उलट. वर्गीकरणातील सूचना मार्गदर्शक नियमांपेक्षा वरचढ, असे त्याच नियमावलीत म्हटले असल्याने टी५६.० आधी ठेवणे योग्य वाटते.

आणखी एक गुंता मूत्रपिंडाचा. शिशाने मूत्रपिंड बिघडते आणि मूत्रपिंड बिघडल्यानेही गाऊट होतो, त्यासाठी एम१ए.३ हा स्वतंत्र गट आहे, तर जड धातूंमुळे होणाऱ्या मूत्रपिंडविकाराला एन१४.३. कार्यकारणभाव कोडरने (नोंदी वाचून कोड देणाऱ्याने) स्वतः जोडायचा नसतो. ‘शिशामुळे’ असे डॉक्टरांनी लिहिलेले नसेल तर त्यांना क्वेरी (लेखी विचारणा) टाकावी. रक्तात शिसे वाढलेले पण विषबाधेचे निदान नाही, अशा वेळी आर७८.७१ लागतो, टी५६.० सोबत तो देता येत नाही.

भारतात : भारतात रोगनोंदणीसाठी आयसीडी-१० वापरतात, त्यामुळे येथील नोंदीत एम१ए आढळू नये. मुंबई-पुण्यातील कोडर तो वापरतात ते अमेरिकी रुग्णालयांच्या कामात. येथे शिशाच्या बाधेची ज्ञात कारणे म्हणजे जुन्या बॅटऱ्या वितळवण्याचे व्यवसाय, शेंदूर आणि अशुद्ध किंवा अविधीने केलेली धातुयुक्त औषधे.

आयसीडी-११ : जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या या आवृत्तीत गाऊट एफए२५ मध्ये आहे. येथे दोन किंवा अधिक कोड एकत्र गुंफून कारण दाखवण्याची सोय असल्याने क्रमाचा वरील वाद त्याच स्वरूपात उरत नाही. अमेरिकेत मात्र आयसीडी-१०-सीएमच चालू आहे.