गिल्बर्ट हिल डायनासोरांनी पाहिलेली नाही

अंधेरी पश्चिमेच्या गिल्बर्ट हिलबद्दल एक फॉरवर्ड वर्षानुवर्षं फिरतोय: ‘साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा, डायनासोरांच्या काळातला खडक!’ वर्तमानपत्रांतही तेच छापून येतं. ऐकायला झकास आहे, पण खरं नाही.

2001 साली या खडकाचं वय आरगॉन पद्धतीने मोजून प्रसिद्ध झालं. खडकातल्या पोटॅशियमचा काही भाग अतिसंथ गतीने आरगॉन वायूत बदलत राहतो. लाव्हा वितळलेला असताना हा वायू निसटून जातो, थिजल्यावर आतच साठू लागतो. साठलेला वायू मोजला की वय कळतं. उत्तर आलं सुमारे 6 कोटी 5 लाख वर्षं. डायनासोर 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वीच संपले होते. म्हणजे चुकामूक झाली तीही थोडीथोडकी नाही, तब्बल 55 लाख वर्षांची! गोंधळाचं कारण सरळ आहे: दख्खनचं पठार ज्या लाव्ह्यातून बनलं त्याचा मुख्य भर 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वीच्या आसपासचा, तोच आकडा या टेकडीलाही चिकटवला गेला.

‘जगात असा उभ्या खांबांचा दुसरा खडक फक्त अमेरिकेत, डेव्हिल्स टॉवर’ हेही अर्धवटच. गिल्बर्ट हिल बेसॉल्टची, म्हणजे लाव्हा थिजून झालेल्या काळ्या खडकाची. डेव्हिल्स टॉवर बेसॉल्टचा नाहीच, फोनोलाइट या वेगळ्या खडकाचा आहे. आणि बेसॉल्टचे खांब उत्तर आयर्लंडमध्येही आहेत.

एवढं सगळं बाजूला ठेवूनही टेकडी बघण्यासारखीच आहे. जवळपास 200 फुटांचा काळा कडा, निवताना आकसून तडकल्यामुळे झालेले उभे खांब, माथ्यावर गावदेवीचं देऊळ आणि पायथ्याला थेट भिडलेली वस्ती.