घरकुल रात्री का तापतं?

मावशीचं घरकुल बांधून दोन उन्हाळे झाले. वर्धा जिल्ह्यातलं लहानसं गाव, मे महिना. मी पोचल्या पोचल्या तिनं विचारलं, "दिवसा तपते, समजलं बापू. पण रातच्या नवाले काऊन भट्टी होते?"

परवडणाऱ्या घरांची चर्चा शहरात पगार आणि बँकेच्या हप्त्यावर अडते. गावात 2016 पासूनची प्रधानमंत्री आवास योजना (ग्रामीण) आहे: सपाट भागात 1 लाख 20 हजार रुपये, घर किमान 25 चौरस मीटर. घर बांधणं परवडतं का, एवढंच दोन्हीकडे बघतात. त्यात राहणं परवडतं का? कूलरच्या बिलाला कुठेच रकाना नाही.

आता मावशीचा प्रश्न. ऊन रोज चढतं-उतरतं, म्हणून भिंतीत उष्णतेची 24 तासांची लाट शिरते. आत जाताना ती दुबळी होते आणि उशिराही पोचते. किती, ते एका अंतरावर ठरतं: पदार्थाची उष्णता-विसरणशीलता (उष्णता त्यातून किती झपाट्यानं पसरते ते) गुणिले 24 तासांचे सेकंद, भागिले पाय (π), आणि त्याचं वर्गमूळ. माती-विटेसाठी हे येतं सुमारे 12 सेंटिमीटर. एवढं अंतर कापताना लाट 37 टक्क्यांवर येते आणि पावणेचार तास मागे पडते. म्हणजे पांढरीच्या मातीची दीड फुटी भिंत लाटेला चौदा-पंधरा तास अडवते, आणि आत पोचतात जेमतेम दोन टक्के. नऊ इंची विटेला साडेसात तास लागतात. चार वाजता तापलेली पश्चिमेची भिंत आतून तापते ती रात्री साडेअकराच्या सुमारास! काँक्रीटमधून उष्णता जास्त वेगानं जाते. चार इंची स्लॅब लाटेला अडीच-तीन तासच थोपवतो, निम्मी आत सोडतो आणि साठवलेली उष्णता रात्रभर ओकत बसतो. टिन दिवसा जाळतं, पण सूर्य मावळला की लगेच निवतं, हे मान्य करायला हवं.

नवतप्यात, म्हणजे मेअखेरच्या नऊ तापत्या दिवसांत, सूर्य रोहिणीत जातो म्हणून आग ओकतो, असं म्हणतात. नक्षत्राचा इथे काही संबंध नाही. मेच्या शेवटच्या आठवड्यात नागपूर-वर्ध्याकडे सूर्य भरदुपारी थेट डोक्यावर येतो, सावली पायाखाली जाते. तेव्हा भिंतींना फारसं ऊन लागत नाही, सगळा मारा छतावर: चौरस मीटरला सुमारे एक किलोवॅट. 25 चौरस मीटरचं छत म्हणजे पंचवीस हीटर. आणि आपण वास्तुवाल्याला पैसे देऊन दार कुठल्या दिशेला हवं ते विचारतो.

स्लॅबवर कवेलू (कौलं) अंथरले, मधे हवा खेळती ठेवली, तर फरक पडतो. त्याहून स्वस्त म्हणजे दरवर्षी एप्रिलात चुन्याचे दोन हात. पांढरा रंग बरंचसं ऊन परत पाठवतो. तेलंगणानं तर 2023 मध्ये थंड छतांसाठी धोरणच केलं.

मावशीला हे सांगितलं. म्हणाली, "पोरगा आयकत नाही. म्हणते, स्लॅबच्या घराले चुना कोन लावते?" मग उठली आणि जुन्या मातीच्या खोलीत बाज टाकली. माझीही.