नऊशे वर्षांचे ओंडके

नॉर्वे आणि आइसलंड यांच्या मधल्या फेरो बेटांवर जंगल असं नाहीच. अटलांटिकचा वारा आणि मोकाट चरणाऱ्या मेंढ्या रोपाला डोकं वर काढू देत नाहीत. तरीही स्ट्रेमॉय बेटाच्या दक्षिण टोकाला, किर्क्युबूर या छोट्या गावात, काळ्याभोर ओंडक्यांचं एक घर उभं आहे. त्याचा सर्वांत जुना भाग म्हणजे ‘रोयकस्टोवा’, धुराची खोली. हा भाग सुमारे 900 वर्षांचा मानतात. लाकूड समुद्रावरून, नॉर्वेहून आलं. 1550 पासून एकाच घराण्याच्या सतरा पिढ्या या शेतवाडीत नांदल्या.

तिथे वर्षातले दोनशेहून अधिक दिवस पाऊस पडतो. मग हे लाकूड कुजलं कसं नाही?

लाकूड पाण्याने नव्हे, बुरशीने कुजतं. बुरशीला ऊब लागते आणि लाकडात साधारण 20 टक्क्यांहून जास्त ओल मुरून राहावी लागते. इथे उन्हाळ्यातही सरासरी तापमान 11 अंशांच्या आसपास असतं. घर दगडी जोत्यावर असल्याने जमिनीची ओल वर चढत नाही. भिंत भिजली तरी वारा ती सुकवतो आणि वरून डांबराचा लेप असतो. शिवाय पाइनच्या गाभ्यात मुळातच राळ आणि बुरशीला मारक द्रव्यं असतात.

मला मात्र सर्वांत मोलाचं वाटतं ते छत. त्यावर चक्क गवत उगवलेलं आहे! अशा छतात मातीखाली बर्चची साल अंथरतात. सालीतल्या सुबेरिन या मेणचट द्रव्यामुळे पाणी आत झिरपत नाही. साधारण 15 सेंटीमीटर जाडीच्या गवताळ मातीचं वजन चौरस मीटरला अडीचशे किलोपर्यंत भरतं. एवढा भार कशाला, असं वाटेल. पण तो हवाच असतो. ओंडका वाळताना लांबीत जेमतेम हजारात एक भाग आकसतो, जाडीत मात्र शेकडा कित्येक भाग. आडव्या रचलेल्या भिंतीत त्यामुळे फटी पडायला हव्यात. वरचा भार ओंडके एकमेकांवर दाबून त्या फटी मिटवतो.

कोपऱ्यात ओंडके खाचा पाडून एकमेकांत बसवलेले असतात, खिळ्यांनी ठोकलेले नसतात. दमट हवेत ते फुगतात, कोरड्या हवेत आकसतात. छत केसभर उचललं जातं, पुन्हा बसतं, आणि खाचा त्याला तेवढी मोकळीक देतात.