तूरमाले घाटातला तुटलेला चिमटा

जुलै १९१३ मध्ये पिरेनीज पर्वतातला तूरमाले घाट उतरत असताना यूजेन क्रिस्टॉफ या फ्रेंच शर्यतपटूच्या सायकलचा पुढचा चिमटा, म्हणजे पुढच्या चाकाला दोन्ही बाजूंनी धरणारा दुपाखी भाग, तुटला. ‘टूर द फ्रान्स’ या अनेक टप्प्यांच्या सायकल शर्यतीच्या नियमांनुसार दुसरी सायकल किंवा कोणाचीही मदत घेण्यास मनाई होती. त्यामुळे सायकल खांद्यावर टाकून तो दहा किलोमीटरांहून अधिक अंतर चालत सेंट-मारी-द-काँपाँ या गावी पोहोचला आणि तेथील लोहाराच्या भट्टीवर, पंचांच्या देखत, त्याने चिमटा स्वतःच्या हातांनी सांधला. एका मुलाने भाता ओढून दिला, एवढ्यासाठी क्रिस्टॉफला वेळेचा दंड झाला. हे वाचताना आजही मन कळवळते.

दगडधोंड्यांच्या रस्त्यावर प्रत्येक खड्ड्यागणिक चिमटा किंचित वाकतो आणि पुन्हा सरळ होतो. एकदा सोसता येणारा हा ताण लाखो वेळा पडला, की जोडाजवळ सूक्ष्म तडा जातो, तो हळूहळू वाढतो आणि अखेरीस साध्या धक्क्यानेही पोलाद तुटते. अभियंते याला धातूचा थकवा म्हणतात. त्या दिवसाचा टप्पाच ३२६ किलोमीटरांचा होता!

शरीराची परीक्षा याहून कठोर होती. स्वार आणि सायकल मिळून ८० किलो वजन सात टक्के चढावर ताशी १० किलोमीटर वेगाने नेण्यासाठी केवळ गुरुत्वाकर्षणाविरुद्ध सुमारे १५० वॅट शक्ती लागते. पायडलच्या एका फेरीत साडेचार मीटर अंतर जात असेल, तर मिनिटाला जेमतेम ३७ फेऱ्या होतात. हीच शक्ती ७४ फेऱ्यांत वाटता आली, तर प्रत्येक फेरीला लागणारा जोर निम्मा होतो आणि स्नायू उशिरा थकतात. गिअर नेमके हेच करतो. परंतु विजय स्नायूंच्या बळावरच मिळावा, असा संयोजक आन्री देग्राँज यांचा आग्रह असल्याने चालत्या सायकलवर चेन एका चक्रावरून दुसऱ्यावर नेणारा गिअर या स्पर्धेत १९३७ पर्यंत निषिद्ध राहिला. अनेक स्वार घाटाच्या पायथ्याशी उतरत, मागचे चाक काढत आणि दुसऱ्या बाजूचे मोठे दातेरी चक्र चेनखाली येईल असे ते उलटे बसवत. माझ्या मते ही कसोटी निसर्गाने कमी आणि माणसाने जास्त लादलेली होती.

१९१९ मध्ये स्पर्धेतली पहिली पिवळी जर्सी, म्हणजे एकूण वेळेत आघाडीवर असलेल्या स्वाराची खूण, क्रिस्टॉफच्याच अंगावर चढली. मात्र अखेरच्या टप्प्यांत व्हालाँसिएनजवळ त्याचा चिमटा पुन्हा तुटला, पुन्हा त्याने तो स्वतः दुरुस्त केला आणि तोवर आघाडी हातची गेली होती.