ओपीजीडब्ल्यू (प्रकाशतंतुयुक्त भूतार)

ओपीजीडब्ल्यू : अतिउच्चदाब पारेषण वाहिनीच्या मनोऱ्यांवर सर्वांत वरून ओढलेली, पोटात काचेचे प्रकाशतंतू असलेली भूतार. पावसाळी वीज पडल्यास तिचा आघात स्वतःवर घेऊन खालच्या वाहक तारा वाचवणे, वाहिनीत दोष उद्भवल्यास दोषप्रवाहाचा काही वाटा जमिनीकडे नेणे आणि दोन्ही टोकांच्या उपकेंद्रांमध्ये संदेशवहन करणे, ही तिन्ही कामे ती एकटी करते. क्षेत्रीय कर्मचारी तिला नुसते ‘ओपीजी’ किंवा जुन्या सवयीने ‘अर्थ वायर’च म्हणतात. ठाणे-बेलापूर रस्त्यालगत महापारेषणचे ४०० किलोव्होल्टचे कळवा उपकेंद्र आणि राज्य भार प्रेषण केंद्र (राज्यभरातील वीजप्रवाहावर देखरेख ठेवून त्याचे नियमन करणारे केंद्र) एकाच परिसरात आहेत (नावात कळवा असले, तरी पत्ता ऐरोलीचा आहे). त्यामुळे महाराष्ट्रात या तारेचे महत्त्व सर्वाधिक जाणवते ते याच पट्ट्यात.

उगम : याविषयी एकमत नाही. बहुतेक संदर्भग्रंथ बीआयसीसी या ब्रिटिश केबल कंपनीने १९७७ मध्ये घेतलेल्या पेटंटापासून प्रारंभ मानतात. दुसरा पक्ष प्रत्यक्ष वापर प्रमाण धरतो व प्रारंभ १९८०च्या दशकात नेतो. त्या दशकात ब्रिटनबरोबरच जपान व जर्मनीतही अशा तारा मनोऱ्यांवर चढू लागल्या होत्या. पेटंटाला किती वजन द्यायचे हे ठरवण्यासाठी तंतूंचे क्षीणन (वाटेत होणारी प्रकाशाची घट; ती डेसिबलमध्ये मोजतात) पाहावे लागते. चार्ल्स काव व जॉर्ज हॉकहॅम यांनी १९६६ मध्ये असे मांडले, की काचेतील अशुद्धी काढल्या तर क्षीणन किलोमीटरला २० डेसिबलखाली आणता येईल. १९७० मध्ये कॉर्निंग कंपनीच्या मॉरर, केक व शुल्ट्झ यांनी सुमारे १७ डेसिबलचा तंतू तयार केला. हा तंतू ४० किमी. अंतरास वापरला, तर एकूण क्षीणन ६८० डेसिबल होते, म्हणजे पलीकडे काहीच पोहोचत नाही. १९७०च्या दशकाच्या अखेरीस १,५५० नॅनोमीटर तरंगलांबीला क्षीणन ०.२ डेसिबलपर्यंत उतरले. त्याच ४० किमी.ला आता ८ डेसिबल लागतात; सांध्यांतील नुकसान धरूनही पलीकडच्या ग्राहीला ते सहज पेलते.

पेटंटाच्या सुमारास प्रचलित असलेले मल्टिमोड (जाड गाभ्याचे, प्रकाश अनेक वाटांनी नेणारे) तंतू वापरायचे, तर दर काही किलोमीटरवर एखाद्या मनोऱ्याखाली पुनरावर्तक (क्षीण झालेला संकेत पुन्हा सबळ करणारे यंत्र) बसवावा लागला असता आणि त्यासाठी वीजजोडणीही द्यावी लागली असती. माथ्यावर ४०० किलोव्होल्ट असताना पायथ्याशी २३० व्होल्टची सोय करणे हे वाटते त्याहून अवघड काम आहे. सिंगल मोड (बारीक गाभ्याचे, प्रकाश एकाच वाटेने नेणारे) तंतू हाती आल्यावर एका उपकेंद्रापासून दुसऱ्यापर्यंत सलग, मध्ये कुठेही न थांबता जाता येऊ लागले. हे ध्यानात घेता दुसरा पक्ष अधिक ग्राह्य वाटतो.

पूर्वपीठिका : त्याआधी, १९२०च्या आसपासपासून, वाहक तारांवरूनच संदेश पाठवत. ४० ते ५०० किलोहर्ट्झच्या दरम्यानचा संकेत युग्मन धारित्रामार्फत (वाहिनीचा उच्च दाब अडवून संकेत तेवढा जाऊ देणाऱ्या साधनामार्फत) तारेवर सोडला जाई आणि तो उपकेंद्राच्या बसबारकडे (सर्व वाहिन्या जिथे जोडल्या जातात त्या सामाईक वाहकाकडे) वाहून जाऊ नये म्हणून वाटेत वेव्ह ट्रॅप बसवला जाई. उपकेंद्रात शिरणाऱ्या वाहिनीवर टांगलेले किंवा विसंवाहक स्तंभावर उभे केलेले जाड दंडगोल वेटोळे म्हणजेच हा ट्रॅप. जुन्या स्विचयार्डांत तो अजूनही दिसतो व अनेक ठिकाणी राखीव मार्ग म्हणून चालूही असतो. बोलणे आणि तुटक संरक्षण-आज्ञा यांपलीकडे त्याची क्षमता फारशी नव्हती.

रचना : तंतू बहुधा २४ किंवा ४८ असतात व ते पोलादी नळीत जेलीमध्ये सैल ठेवलेले असतात. नळीभोवती ॲल्युमिनियमचे कवच असलेल्या पोलादी तारा आणि मिश्रधातूच्या तारा पिळलेल्या असतात. पोलाद ताण घेते, ॲल्युमिनियम प्रवाह वाहते. नळीच्या लांबीपेक्षा तंतू किंचित, शेकडा अर्ध्याच्या आसपास, अधिक लांब भरतात. वाऱ्याने वा स्वतःच्या वजनाने तार ताणली गेली, तरी आधी हा ढिलेपणा संपतो आणि काचेवर ताण उशिरा येतो. नळी मधोमध असावी की बाहेरच्या तारांबरोबर पिळलेली, यावर उत्पादकांत दोन तट आहेत. पिळलेल्या नळीत ढिलेपणा अधिक साठतो, म्हणून लांब गाळ्यांसाठी (दोन मनोऱ्यांमधील मोठ्या अंतरांसाठी) तिला पसंती मिळते.

वीज पडल्यास बाहेरच्या थरातील एखादी तार वितळून तुटते व लोंबू लागते. बाहेरच्या तारा जितक्या जाड, तितका हा धोका कमी. मिश्रधातूपेक्षा ॲल्युमिनियम-कवचाचे पोलाद अशा वेळी अधिक टिकते. खाडीकाठच्या खारट हवेत पोलादावरील कवच शाबूत राहणे महत्त्वाचे असते, कारण उघड्या पोलादाशी ॲल्युमिनियम लागून असले की गंज वेगाने धरतो.

तार ड्रमवर येते आणि एका ड्रमवर साधारण ४ ते ६ किमी. मावते. जिथे ड्रम संपतो, तिथे ताण-मनोरा (तारेचा पूर्ण ताण पेलणारा मनोरा) असावा लागतो. दोन्ही बाजूंची टोके मनोऱ्याच्या पायाला क्लॅम्प मारत खाली उतरवतात. फ्यूजन स्प्लायसरवर (काचेची टोके वितळवून सांधणाऱ्या यंत्रावर) तंतू जुळवणे वर लटकून होत नाही. ते जमिनीवर, तंबूत किंवा गाडीत बसून, धूळ व वारा टाळून करतात. जुळवणी झाली की जॉइंट बॉक्स चढवून हात पोहोचणार नाही इतक्या उंचीवर बसवतात आणि उरलेल्या तारेचे वेटोळे करून मनोऱ्यालाच बांधतात. पुढे कधी बॉक्स उघडायची वेळ आली, तर हेच वेटोळे सोडून तो खाली आणता येतो. पारसिक डोंगराच्या उतारांवरील मनोऱ्यांवर असे वेटोळे रस्त्यावरूनही ओळखू येते. सांध्याचे झाकण नीट न बसल्यास कोकणातल्या पावसात बॉक्समध्ये पाणी शिरते. ओटीडीआरच्या (तंतूत प्रकाशस्पंद सोडून कुठे किती घट होते ते दाखवणाऱ्या उपकरणाच्या) आलेखात त्या अंतरावर पायरी दिसू लागते आणि ती दर पावसाळ्यात थोडी खोल होत जाते.

उपयोग : सर्वांत निकडीचा उपयोग संरक्षणाचा. भारतीय ग्रिड मानकांनुसार ४०० किलोव्होल्टवरील दोष १०० मिलिसेकंदांत व २२० किलोव्होल्टवरील १६० मिलिसेकंदांत तोडावा लागतो. विभेदी संरक्षणात दोन्ही टोकांचे रिले (दोष ओळखून सर्किट ब्रेकरला आज्ञा देणारी उपकरणे) आपापला प्रवाह मोजून तंतूवरून एकमेकांना कळवतात. आत येणारा आणि बाहेर जाणारा प्रवाह जुळला नाही, की सर्किट ब्रेकर उघडतो. काचेत प्रकाशाला किलोमीटरला सुमारे ५ मायक्रोसेकंद लागतात. हा विलंब रिलेला मोजता येतो, पण जाण्याचा व येण्याचा मार्ग समान लांबीचा आहे असे धरून. संदेशजाळ्याचे वलय एका बाजूने तुटले आणि जाणारा संदेश जवळच्या, येणारा लांबच्या वाटेने फिरू लागला, तर रिलेला नसलेला दोष दिसू शकतो. म्हणून विभेदी संरक्षणासाठी थेट तंतूंची जोडी राखून ठेवणे अधिक सुरक्षित मानतात. प्रस्तुत लेखकाचा कलही तिकडेच आहे.

दुसरा उपयोग म्हणजे उपकेंद्रांतील मापने भार प्रेषण केंद्राकडे पोहोचवणे. १२ ऑक्टोबर २०२० रोजी कळवा–पडघा या ४०० किलोव्होल्टच्या वाहिन्या उपलब्ध न राहिल्याने मुंबईसह ठाणे व नवी मुंबईचा पुरवठा खंडित झाला. एवढ्या थोड्या वाहिन्यांवर एवढा भार असताना केंद्रातील पडद्यावरचे आकडे क्षणाक्षणाचे असणे का आवश्यक आहे, हे त्या दिवसावरून कळते. उरलेले तंतू भाड्याने देता येतात. पॉवरग्रिडने देशपातळीवर हा व्यवसाय उभारला, तर महापारेषणने खासगी भागीदारीतून एमटीसीआयएल ही कंपनी काढली.

पर्याय : जिथे भूतार बदलणे शक्य नसते, तिथे एडीएसएस ही धातुविरहित स्वाधारी केबल वाहक तारांखालून नेतात. ती विद्युत् क्षेत्रात लोंबत असल्याने ओल्या, मीठ व धूर बसलेल्या आवरणावर कोरडे पट्टे पडून ठिणग्या उडतात व आवरण जळत जाते. तुर्भे ते दिघा या रासायनिक कारखान्यांच्या पट्ट्यात हा मुद्दा दुर्लक्षिण्याजोगा नाही. उच्च दाबाच्या वाहिनीवर साध्या पॉलिथिनऐवजी ठिणग्यांनी जळके माग न पडणारे विशेष आवरण वापरतात.

वितरण पातळी : ओपीजीडब्ल्यू उपकेंद्राच्या गँट्रीवर (वाहिनीच्या तारा बांधण्याच्या पोलादी चौकटीवर) संपते. तेथून नियंत्रण कक्षापर्यंत साधी धातुविरहित केबल चरातून नेतात. महावितरणच्या २२ किलोव्होल्ट वाहिन्या नवी मुंबईतील सिडकोने वसवलेल्या नोडांमध्ये बहुतांशी भूमिगत आहेत. त्यांवरील रिंग मेन युनिट (भूमिगत वाहिनीवरील स्विचांची पेटी), वितरण रोहित्रे व फीडर पिलर (रस्त्याकडेची वीज वाटून देणारी पेटी) यांना भूतारेतून तंतू मिळत नाही, म्हणून दूरनियंत्रणासाठी तेथे मोबाइल मोडेम किंवा स्वतंत्र डक्टमधील तंतू वापरतात. ऐरोली, रबाळे व महापे येथील डेटा सेंटरांना दोन वेगळ्या वाटांनी वीज आणि दोन वेगळ्या वाटांनी तंतू लागतात. दूरसंचार कंपन्यांच्या तंतूंना जेसीबीच्या खोदकामाचा उपद्रव नेहमीचा आहे. मनोऱ्यावरील तंतूला तो नाही, पण तो दुरुस्त करायचा तर बहुधा आधी वाहिनी बंद ठेवण्याची परवानगी काढावी लागते.