सूर्या बोनाली: बॅकफ्लिपच्या आधी काय झालं होतं

फ्रेंच फिगर स्केटर सूर्या बोनालीची ती क्लिप दर हिवाळ्यात परत फिरायला लागते. नागानो ऑलिम्पिक १९९८, निळा ड्रेस, उलटी कोलांटी (बॅकफ्लिप) आणि एका पायावर लँडिंग. खाली कॅप्शन ठरलेलं, की बंदी असलेली उडी मारली म्हणून बिचारीचं मेडल गेलं. पण त्या रात्री जायला मेडल होतंच कुठे? शॉर्ट प्रोग्रॅमनंतर, म्हणजे स्पर्धेच्या पहिल्या छोट्या फेरीनंतर, ती सहावी होती, अकिलिसचं (टाचेमागच्या स्नायूबंधाचं) दुखणं अंगावर, फ्री स्केटमध्ये, म्हणजे दुसऱ्या मोठ्या फेरीत, उड्या फसायला लागल्या आणि मग तिने ठरवलं की आता पब्लिकसाठी काहीतरी करून जायचं. शेवटी दहावी आली. हिशोब चुकला तो चार वर्षं आधी जपानमधल्या चिबाला, वर्ल्ड चॅम्पियनशिपमध्ये, आणि त्याबद्दल फारसं कुणी बोलत नाही.

सुरुवातीचं थोडक्यात सांगतो. जन्म १९७३, नीस, फ्रान्स. दत्तक मुलगी. (नाव आपल्या ओळखीचं असलं तरी भारताशी बाकी काही नातं नाही.) तिच्या तेव्हाच्या कोचने पेपरवाल्यांना पुडी सोडली होती की ही रियुनियन बेटावरची, नारळांच्या किनाऱ्यावर सापडलेली वगैरे, आणि बरीच वर्षं ते छापूनही येत होतं. नीसमध्ये जन्मलेल्या मुलीला बेटावरची करून टाकलं! गंमत म्हणून सोडून देता येईल, पण पुढे तिच्या स्केटिंगबद्दल जे शब्द वापरले गेले, रांगडी, नुसती ताकद, कला नाही, ते वाचताना ही स्टोरी डोक्यात ठेवावी. ती टंबलिंगमधून आली होती, त्यामुळे कोलांटी तिला बर्फाच्या आधीपासून येत होती. १९९१ ला ज्युनियर वर्ल्ड जिंकली, त्याच वर्षी युरोपियन पण, आणि १९९५ पर्यंत सलग पाच वेळा युरोपियन चॅम्पियन. १९९२ ला आल्बेरव्हिलला घरच्या ऑलिम्पिकमध्ये खेळाडूंची शपथ तिने घेतली, प्रॅक्टिसमध्ये एका जपानी स्पर्धकाजवळ बॅकफ्लिप मारून बोलणी खाल्ली, फ्री स्केटमध्ये क्वाडचा (हवेत चार फेऱ्यांच्या उडीचा) प्रयत्न केला, तो पूर्ण फिरला नाही, पाचवी आली. बायकांमध्ये ऑलिम्पिकला मान्य झालेला क्वाड दिसायला २०२२ चं बीजिंग उजाडलं, म्हणजे ही तीस वर्षं आधी काय करायला बघत होती ते कळेल.

आता चिबा. मार्च १९९४. महिन्याभरापूर्वीच ऑलिम्पिक झालेलं, तिथे ती चौथी, आणि तिथल्या तिन्ही मेडलवाल्या वर्ल्डला खेळल्याच नाहीत, त्यामुळे हे वर्ष तिचं असंच वातावरण होतं. समोर यजमान जपानची स्केटर. तेव्हा ६.० वाली (जास्तीत जास्त ६.० मार्क देणारी) सिस्टीम होती आणि त्या सिस्टीमबद्दल आजही गोंधळ असतो, लोकांना वाटतं सगळ्या जजांच्या मार्कांची बेरीज करायचे. तसं नव्हतं. प्रत्येक जज टेक्निकल आणि आर्टिस्टिक असे दोन मार्क द्यायचा, पण त्यातून घ्यायचे फक्त त्या जजचे नंबर, कोण पहिली, कोण दुसरी. मग नऊ जजांपैकी जास्त जणांची पहिली जी, ती जिंकली. एखाद्या जजने तुम्हाला किती फरकाने वर ठेवलं याला काही किंमत नाही, ०.१ ने ठेवलं काय किंवा ०.५ ने, मत एकच. त्यात एका जजकडे दोघींच्या त्या दोन मार्कांची बेरीज सारखी आली तर फ्री स्केटमध्ये आर्टिस्टिकचा मार्क बघून वरची ठरायची, म्हणजे उड्यांवर जगणाऱ्या स्केटरला तिथे आधीच तोटा.

निकाल लागला ५-४. एक जज इकडचा तिकडे असता तर सोनं फ्रान्सला.

माझं मत विचाराल तर जपानी मुलीचं स्केटिंग, म्हणजे स्केटच्या पात्याच्या कडांवरचा ताबा, वेग, पावलं, खरंच सुंदर होतं, तिने काही चोरलं वगैरे नाही. पण ‘कला’ म्हणजे काय हे ज्या नऊ जणांनी ठरवायचं त्यांना लेखी कारण द्यावं लागत नव्हतं, आणि प्रश्न तो आहे. बोनाली पोडियमवर चढेना, बाजूला उभी राहिली, एका अधिकाऱ्याने हाताला धरून वर घेतलं, गळ्यात मेडल पडलं आणि तिने ते काढून टाकलं. पब्लिकने हुर्यो उडवली. पत्रकारांना तिने नशीब नाही एवढंच सांगितलं. आधीच्या वर्षी प्रागला सिल्व्हर, हे सिल्व्हर, पुढच्या वर्षी बर्मिंगहॅमला परत सिल्व्हर. रडकी, अखिलाडू असा शिक्का बसला तो बसलाच. रंगाचा भाग किती, यावर ती स्वतः नंतर मुलाखतींत सावधच बोलत आलीये. लोक मात्र तिच्या वतीने दोन्हीकडून ठामपणे बोलतात.

१९९६ ला अकिलिस फाटलं आणि तिथून उतारच. म्हणून नागानो हे बंड होतं का निरोप, असं कुणी विचारलं तर मी निरोप म्हणेन, थोडा टोमणा मारून घेतलेला. बॅकफ्लिपवर बंदी आली होती १९७६ च्या इन्सब्रुक ऑलिम्पिकनंतर, तिथे एका अमेरिकन स्केटरने ती मारली होती. धोका हे एक कारण, आणि दुसरं नेहमी सांगितलं जायचं ते म्हणजे ही दोन पायांवर उतरते, खरी उडी एका पायावर उतरते. हिने एका पायावर उतरून दाखवली. तरी मार्क कापलेच.

नंतरचं बरंच आहे. २००२ ला सॉल्ट लेक ऑलिम्पिकमध्ये पेअर्सच्या (जोड्यांच्या स्पर्धेच्या) जजिंगचा घोटाळा झाला, त्यात तिचा तो जुना कोच, तोवर फ्रेंच फेडरेशनचा अध्यक्ष झालेला, तीन वर्षं सस्पेंड झाला, आणि २००४ पासून ६.० जाऊन प्रत्येक उडीला पॉइंट देणारी सिस्टीम आली. फॅन लोक म्हणतात या सिस्टीममध्ये बोनाली जिंकलीच असती. मला एवढी खात्री नाही, कारण तिच्या बऱ्याच उड्या पाव फेरा कमी असायच्या आणि आता स्लो-मोशनमध्ये ते लगेच पकडतात. पण निदान कुठे किती कापलं हे कागदावर दिसलं असतं.

ती २००४ ला अमेरिकन नागरिक झाली, शोज केले, त्यात तीच बॅकफ्लिप तिकीट खपवायची, पुढे मिनेसोटात कोचिंग. जानेवारी २०२४ ला युरोपियनमध्ये एका फ्रेंच मुलाने बॅकफ्लिप मारली, दोन पॉइंटचा दंड भरला आणि तरी सोनं नेलं. मार्चमध्ये वर्ल्डला परत तेच, दंड भरून ब्राँझ, ते सुद्धा शॉर्टनंतर एकोणिसावा असताना. जूनमध्ये आंतरराष्ट्रीय स्केटिंग संघटनेने बंदीच उठवली, आणि २०२४-२५ च्या सीझनपासून ती उडी चालते. पॉइंट मात्र उडी म्हणून शून्य, कोरिओग्राफीत जे काय मिळेल ते.