उसाचा लोकरी मावा आणि त्याचे परभक्षी कीटक

लोकरी मावा (शास्त्रीय नाव सेराटोव्हॅकुना लॅनिजेरा) ही उसाच्या पानांतला रस शोषणारी, पश्चिम महाराष्ट्रात बाहेरून आलेली कीड. भारतात तिची नोंद 1958 मध्ये पश्चिम बंगालमध्ये झाली. जुलै 2002 मध्ये ती सांगली जिल्ह्यात आढळली आणि बघता बघता सातारा, कोल्हापूर, पुणे, सोलापूर व लगतच्या कर्नाटकातल्या उसात पसरली.

पान उलटून पाहिले की मधल्या शिरेच्या दोन्ही अंगांना कापूस पिंजून लावल्यासारखा थर दिसतो. हे मेण मावा स्वतःच्या अंगातून सोडतो. थरावरून बोट फिरवले की पांढरी भुकटी बोटाला लागते आणि खालची फिकट पिल्ले उघडी पडतात. मादी नराशिवायच थेट पिल्ले घालते, त्यामुळे ढगाळ, दमट हवेत संख्या झपाट्याने वाढते. पंख फुटलेले मावे वाऱ्याबरोबर पुढच्या फडात जातात. माव्याच्या अंगातून गळणारा चिकटा खालच्या पानांवर पडतो, त्यावर काजळी धरते आणि पाने काळी पडतात. उसाची वाढ खुंटते, साखरेचा उतारा घटतो.

सात-आठ महिन्यांच्या दाट उसात शिरून पानाच्या खालच्या अंगाला औषध पोचवणे फार कठीण. त्यात फवाऱ्याने मावा खाणारे मित्रकीटक, म्हणजेच परभक्षीही मरतात, आणि या किडीचा खरा बंदोबस्त त्यांनीच केला आहे.

त्यांतला सर्वांत कामाचा डिफा ॲफिडिव्होरा. शेतकरी त्याला कोनोबाथ्रा या जुन्या नावानेही ओळखतात. हा एक लहान पतंग असून माव्याचा फडशा पाडते ती त्याची अळी. माव्याच्या थरातच ती रेशमी जाळी विणते, जाळीच्या आडून मावा खात पुढे सरकते आणि कोषातही तिथेच जाते. पानावर पांढऱ्या थराऐवजी मळकट जाळी दिसू लागली तर अळीने काम सुरू केले असे समजावे. नवख्या माणसाला ही अळी नवीन कीड वाटते आणि तो पंप उचलतो. हे टाळायलाच हवे. दुसरा मायक्रोमस इगोरोटस हा तपकिरी जाळीदार पंखांचा कीटक. त्याच्या अळीबरोबर प्रौढही मावा खातो. क्रायसोपर्ला या हिरव्या जाळीदार पंखांच्या कीटकाची अंडी केसासारख्या देठावर उभी असल्याने सहज ओळखू येतात. सिरफिड माशीच्या अळ्या आणि ढालकिडे यांचाही हातभार लागतो. एनकार्सिया ही अतिसूक्ष्म गांधीलमाशी परजीवी असून माव्याच्या शरीरात अंडी घालते.

हेक्टरी कोनोबाथ्राच्या 1000 किंवा मायक्रोमसच्या 2500 अळ्या सोडण्याची शिफारस आहे. विकत घेण्याची गरज मात्र दरवेळी नसते. अळ्या-कोष असलेली पाने कापून मावा असलेल्या दुसऱ्या फडात उसाला अडकवली तरी परभक्षी तिथे वस्ती करतात. साताऱ्याच्या फलटण तालुक्यात पाडेगाव येथे 1932 पासून ऊस संशोधन केंद्र आहे. तिथला सल्ला या भागातल्या शेतकऱ्याला जवळचा.

परभक्षींना वाव मिळावा म्हणून जोडओळ किंवा रुंद सरी ठेवतात, युरियाचा जादा हप्ता टाळतात. किडलेल्या फडातले बेणे दुसरीकडे नेत नाहीत. वाढ्यांकडे मात्र दुर्लक्ष होते: तोडणीनंतर जनावरांसाठी भारे बांधून गावोगाव जाणाऱ्या या हिरव्या शेंड्यांबरोबर मावाही प्रवास करतो.